चाळीस कवड्यांची एक सर

ठाण्यात आमच्या देवघरात तुळजाभवानीच्या तसबिरीला कवड्यांची माळ असते. गेल्या नवरात्रात, घटस्थापनेच्या आदल्या दिवशी देव उजळताना तिचा जुना दोरा तुटला आणि कवड्या फरशीभर घरंगळल्या. आई म्हणाली, "मोजून घे रे, एकही हरवता कामा नये." जांभळी नाक्यावरून नवा दोरा आणून मी माळ ओवायला बसलो. पिवळसर पांढरी, बोटाच्या पेराहूनही लहान कवडी. पोटाकडे दातेरी फट, आणि दोरा जावा म्हणून पाठ घासून पाडलेले भोक. पश्चिम आफ्रिकेतील गुलामांच्या व्यापाराविषयी वर्षभर वाचत असल्यामुळे ते भोक पाहून मला उईदाच्या, म्हणजे आजच्या बेनिन देशातील किनाऱ्याजवळच्या एका गावाच्या, बाजारातील कवड्यांच्या सरी आठवल्या. तिथेही कवडीला असेच भोक पाडून चाळीस कवड्यांची एक सर धरत आणि अशा पन्नास सरी झाल्या की दोन हजारांचे मोठे एकक होई.

या कवड्या आफ्रिकेच्या त्या किनाऱ्यावर सापडत नाहीत. त्या मालदीवच्या उथळ समुद्रातल्या. चौदाव्या शतकात मालदीवमध्ये काझी म्हणून राहिलेल्या इब्न बतूता या मोरोक्कोच्या प्रवाशाने लिहून ठेवले आहे की तिथले लोक कवड्या देऊन बंगालमधून तांदूळ घेत. पुढे १३५२-५३ मध्ये सहारा ओलांडून तो माली साम्राज्यात पोचला, तेव्हा तिथेही व्यवहारात त्याला हीच कवडी दिसली. म्हणजे युरोपीय जहाजे पश्चिम आफ्रिकेला लागण्याच्या जवळजवळ शंभर वर्षे आधी तिथे बाजार होते, हिशेब होते आणि सर्वांनी मान्य केलेले चलन होते. काचेचे चार मणी दाखवून भोळ्या लोकांना फसवले, ही आपण शाळेपासून ऐकत आलेली कथा मला म्हणूनच फार अपुरी वाटते. त्या किनाऱ्यावर काय चालते आणि काय चालत नाही, हे ठरवणारे गिऱ्हाईक आफ्रिकी होते. पोर्तुगीज, डच आणि इंग्रज व्यापाऱ्यांना तोच माल शोधून आणावा लागला. (ठाण्याचे मध्यवर्ती कारागृह ज्या किल्ल्यात आहे, तो बांधायला घेणारे पोर्तुगीजच, हा इतिहास आपल्यापासून तितका दूर नाही.)

डच आणि इंग्रज कंपन्या श्रीलंका आणि बंगालमार्गे कवड्या उचलत. परतीच्या जहाजात नीरम, म्हणजे जहाज स्थिर ठेवणारे वजन, म्हणून त्या तळाशी भरल्या जात, ॲमस्टरडॅम आणि लंडनमध्ये त्यांचा लिलाव होई आणि पिंपांत भरून त्या गुलामांच्या मोबदल्यात द्यायला पुन्हा दक्षिणेला, पश्चिम आफ्रिकेच्या गिनी किनाऱ्याकडे निघत. एकट्या अठराव्या शतकात अशा सुमारे १,००० कोटी कवड्या पश्चिम आफ्रिकेत उतरल्या असाव्यात, असा अभ्यासकांचा अंदाज आहे.

उईदाला बंदर नव्हते. लाटा इतक्या जोरदार की जहाजे दूर नांगरून माल आणि माणसे होड्यांनी न्यावी लागत. इंग्रज, फ्रेंच आणि पोर्तुगीजांचे किल्ले समुद्रापासून काही किलोमीटर आत, स्थानिक राजाच्या हद्दीत आणि त्याच्या मर्जीवर उभे होते. व्यापार सुरू करण्यापूर्वी त्यांना राजाचा कर भरावा लागे. १७२७ मध्ये शेजारच्या दाहोमी राज्याचा राजा अगाजा याने उईदा जिंकले आणि पुढे गोऱ्या व्यापाऱ्यांशी व्यवहार पाहण्यासाठी 'योवोगान' हा अधिकारी नेमला जाऊ लागला. या एका ठिकाणाहून दहा लाखांच्या आसपास माणसे अटलांटिकपार नेली गेली. राजे आणि दलाल या व्यापारात सामील होते, हे लपवण्यात अर्थ नाही. पण सगळेच सारखे वागले असेही नाही. जवळच्याच, आजच्या नायजेरियात मोडणाऱ्या जुन्या बेनिन राज्याच्या राजांनी सोळाव्या शतकात पुरुष गुलामांच्या निर्यातीला मनाई केली आणि मिरी, हस्तिदंत, कापड यांवर व्यापार चालवला. काँगोचा राजा पहिला अफोंसो याने १५२६ मध्ये पोर्तुगालच्या राजाला पत्रे लिहून तक्रार केली की व्यापारी त्याच्या रयतेतील स्वतंत्र माणसे, सरदारांची मुले, अगदी त्याचे स्वतःचे नातलगही पळवून नेत आहेत. ती पत्रे मी दोनदा वाचली, आणि दुसऱ्या वेळी अधिक त्रास झाला, कारण ती लिहिणारा राजा असूनही हतबल होता.

ओवता ओवता मी हे आईला सांगत होतो. तिने विचारले, "मग त्या कवड्यांचं ते लोक करायचे काय?" बाजारात सुरण-कंद, ताडतेल, शिजवलेले अन्न घ्यायचे, जकात भरायची, लग्नात द्यायच्या, मी म्हणालो. पण जहाजवाला कवडी परत घेत नसे. युरोपात तिला मोल नव्हते. चारशे वर्षांत सुमारे १ कोटी २५ लाख माणसे आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून जहाजांत चढवली गेली, त्यांतली जवळजवळ १८ लाख वाटेतच मेली, आणि त्यांच्या बदल्यात आलेल्या कवड्या मात्र तिथेच साचत गेल्या. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर हॅम्बर्गच्या व्यापाऱ्यांनी झांजिबारकडच्या थोराड, स्वस्त कवड्या आणून ओतल्या, तेव्हा त्यांचे मोल झपाट्याने घसरले. नंतर आलेल्या वसाहती सरकारांनी करापोटी कवड्या घेण्याचेही बंद केले. घानाच्या आजच्या चलनाचे नाव, सेडी, हा तिथल्या भाषेतील कवडीचाच शब्द आहे.

आमच्या माळेतली एक कवडी पडून तडकली होती. आईने ती टाकू दिली नाही. कुंकवाच्या करंड्याशेजारी ठेवून दिली.