मयत दिनांक

सातबाऱ्यावर माणूस लवकर मरत नाही. घरचे तेरावा उरकतात, चाळिसावा उरकतात, पण तलाठ्याला वर्दी द्यायला कुणी फिरकत नाही. मग पन्नास-साठ वर्षांनी जमिनीला पुण्याचं गिऱ्हाईक लागतं आणि घरात शोध लागतो की पणजोबा कागदावर अजून नांगर धरून उभे आहेत. अशा किती नोंदी घातल्या त्याचा हिशेब मी ठेवला नाही. एक मात्र विसरलो नाही.

2011 चा उन्हाळा. मी तलाठी होतो, आणि दाभोळच्या खाडीकाठचा एक सजा, म्हणजे तलाठ्याच्या ताब्यातला गावांचा गट, तेव्हा माझ्याकडे होता. गाव आणि माणसं ओळखता येतील असं काही लिहीत नाही. मंडळी अजून नांदती आहेत.

खाला (मुसलमानांत मावशीला म्हणतात) सकाळी साडेदहालाच छत्री घेऊन चावडीत आली. वय अडुसष्ट, चष्म्याच्या काडीला दोरा बांधलेला. पाठोपाठ तिचे तीन चुलतभाऊ. मामला सरळ होता. 29 गुंठे वरकस, म्हणजे हलकी जमीन, त्यात हापूसची काही कलमं, आणि सातबाऱ्यावर दोन सख्ख्या भावांची नावं. धाकट्याचे वारस हे तिघे भाऊ, थोरल्याची एकटी मुलगी खाला. धाकट्याची वारस नोंद पूर्वीच झालेली. थोरला तसाच राहिला होता.

मी वारस नोंदवही, म्हणजे नमुना 6-क, पुढ्यात ओढली. मयत खातेदाराचं नाव लिहिलं. पुढचा रकाना, मयत दिनांक.

"खाला, वडील कधी वारले?"

"मी आयच्या पोटात होते, भाऊसाहेब. मला काय म्हायत?"

थोरला चुलतभाऊ, कुवेतला वीस वर्षं काढून आलेला, दारातून म्हणाला, "रामदास बोटीत गेले ते. सगळ्या गावाला ठाऊक आहे." कोतवालानंही मान हलवली. आमच्या किनाऱ्यावर पाण्यात गेलेला माणूस म्हटला की तो रामदासमध्येच गेलेला असतो. 17 जुलै 1947, मुंबईहून रेवसला निघालेली बोट, सहाशेवर माणसं. माझ्या स्वतःच्या आजोळचं एक माणूस त्यात होतं. तारीख तोंडपाठ होती. मी रकान्यात पेन्सिलीनं 17/7/1947 लिहून टाकलं.

लिहिलं आणि अडखळलो. 2011 मध्ये अडुसष्ट वर्षांची बाई 1947 मध्ये पोटात कशी असेल?

"रामदास नाय," खाला म्हणाली. "आय तिलवा म्हनायची."

मला ऐकू आलं तिळवा. संक्रांतीचा. मी हसलो, भाऊही हसले. खाला हसली नाही. ती चार दिवसांनी परत आली ती पत्र्याची डबी घेऊन. डबीत एकच कागद, घडीवर फाटलेला, मुंबईच्या शिपिंग मास्तरच्या कचेरीचा. इंग्रजी टाइप, त्यात बापाचं नाव वेगळ्याच स्पेलिंगनं, हुद्दा खलाशी, बोटीचं नाव 'तिलावा', आणि समुद्रात बेपत्ता, 23 नोव्हेंबर 1942.

नोकरीत असताना मला जुन्या कागदाची हाव होती, हे कबूल करायला हवं. मोडी आणि बाळबोध मिसळलेले फेरफार, म्हणजे मालकीबदलाच्या नोंदी, वाचायला मी रात्री दप्तर घरी न्यायचो. तेव्हा हा कागद पाहिल्यावर राहवलं नाही. मुलगा पुण्याला इंजिनिअरिंगला होता, त्याला फोन लावला. त्यानं आठवडाभरात सगळं जमवलं.

तिलावा ही ब्रिटिश इंडिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनीची बोट. 1924 ची, दहा हजार टनांची. 20 नोव्हेंबर 1942 ला ती मुंबईहून मोंबासा, लोरेन्सो मार्क्स (आताचं मापुटो), दरबानकडे निघाली. 732 उतारू, 222 खलाशी-कामगार आणि 4 तोफची, एकूण 958 माणसं. उतारू बहुतेक आपलेच, आफ्रिकेत दुकानं टाकलेल्या गुजरात्यांची, पंजाब्यांची बायकापोरं. 23 तारखेच्या पहाटे, दोनच्या सुमाराला, सेशेल्सच्या ईशान्येला भर समुद्रात जपानी पाणबुडी आय-29 नं तिला टॉर्पेडो मारला. बोट लगेच बुडाली नाही, आणि घात झाला तो तिथेच. पहिल्या धक्क्याला होड्यांवर झुंबड उडाली, काही होड्या उलटल्या. मग बोट तरंगतेय म्हणून काही लोक तिच्याकडे परतायला लागले, आणि दुसरा टॉर्पेडो आला. 280 माणसं गेली. उरलेली दोन दिवस होड्यांत आणि तराफ्यांवर. 25 तारखेला बर्मिंगहॅम नावाच्या ब्रिटिश क्रूझरनं त्यांना उचललं, चौघांना कार्थेज या दुसऱ्या जहाजानं. 27 ला ते पुन्हा मुंबईला लागले. ज्या बंदरातून निघाले, तिथेच.

सहाशेअठ्ठ्याहत्तर माणसं मुंबईत उतरली आणि तरी कोकणात या बोटीची आठवण नाही, याचं मला तेव्हाही नवल वाटलं. लढाईचे दिवस, चलेजावची धरपकड, बातम्यांवर सेन्सॉर. आणि बुडाली ती दूर, कुणाचं प्रेत किनाऱ्याला लागलं नाही. रामदासची प्रेतं गावोगावच्या माणसांनी बाहेर काढली होती.

मुलानं आणखी एक गोष्ट सांगितली, ती मी चावडीत कुणाला बोललो नाही. तीच आय-29 पाच महिन्यांनी, एप्रिल 1943 मध्ये, मादागास्करजवळ जर्मन पाणबुडीला भेटली आणि सुभाषबाबूंना घेऊन पूर्वेकडे गेली. माझ्या खुर्चीमागे भिंतीवर नेताजींचा फोटो होता. खाला समोर बसायची तेव्हा तिचं तोंड बरोबर त्या फोटोकडे असायचं. काय सांगणार?

पुढे एका लग्नाला मुंबईस गेलो तेव्हा मशीद बंदरच्या इंडियन सेलर्स होममध्ये वाट वाकडी करून गेलो. पहिल्या महायुद्धात गेलेल्या खलाशांची नावं तिथे धातूच्या पत्र्यांवर आहेत, दुसऱ्या महायुद्धातल्यांचं एक पुस्तक आहे. तशीच दुसरी प्रत चितगावला. सारंग, टंडेल, भंडारी, आगवाले, बोटीवरच्या सगळ्या हुद्द्यांचे लोक एका ओळीत, सगळ्यांना सारखीच शाई. पुस्तकात खालाच्या बापाचं नाव होतं, तिसऱ्याच स्पेलिंगनं. मी खिशातल्या डायरीत उतरवून घेतलं.

एवढं झाल्यावर नोंद घालायला काय हरकत होती? हरकत अशी, की जुने फेरफार चाळताना मला 1944 ची नोंद सापडली. दोघा भावांचा बाप त्या वर्षी वारला आणि जमिनीला दोन्ही मुलांची नावं लागली. म्हणजे जो मुलगा दोन वर्षांपूर्वीच समुद्रात गेला होता, त्याचंही.

ज्यांना मुसलमानी वारसा कायदा ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडं सांगावं लागेल. बापाच्या आधी मुलगा वारला आणि दुसरा मुलगा जिवंत असला, तर मेलेल्या मुलाच्या मुलीला आजोबाच्या जमिनीत काही येत नाही. आपल्याकडे नातवंडं मेलेल्या बापाच्या जागी उभी राहतात, तिथे राहत नाहीत. खालाचा बाप 1947 साली रामदासमध्ये गेला असता, तर त्याला 1944 मध्ये हिस्सा आला असता, आणि त्यातला निम्मा खालाचा, आठवा तिच्या आईचा, उरलेला भावाकडे. 1942 मध्ये गेला तर खालाच्या पदरात शून्य. मी हौसेनं जो कागद खरा करून आणला होता, त्यानं तिचाच हात तोडला होता.

चिपळूणच्या ओळखीच्या वकिलांना विचारलं. ते म्हणाले, "सात वर्षं खबर नाही की कायदा माणूस मेला असं धरतो. पण कोणत्या दिवशी मेला ते धरत नाही. ते ज्याला हवं त्यानं शाबीत करायचं. आणि ते तुम्ही फुकट करून ठेवलंय." मग जरा थांबून, "पेन्सिलीचं शाईनं गिरवा. हरकत कोण घेतोय?"

खरंच कुणी घेणार नव्हतं. तिघा भावांनी स्वतःच रामदास सांगितलं होतं. दोन रात्री मी ते रजिस्टर उघडून बंद केलं. तिसऱ्या दिवशी सायकल काढली आणि खालाच्या घरी गेलो. ओटीवर सुपात सोडे पसरलेले होते. तिला सगळं सांगितलं, हिश्शाचं गणितही.

तिनं हिश्शाचं ऐकलंच नाही असं मला वाटलं. तिनं विचारलं, "म्हन्जे ते मोंबाशाला नाय उतरले?"

"बोट पोचलीच नाही, खाला."

तेव्हा कळलं की रामदासची गोष्ट अलीकडची. त्याआधी गावात वेगळंच बोललं जायचं. खालाचा बाप मोंबाशाला उतरला, तिथे दुसरी बायको केली, म्हणून पैसे थांबले. खालाच्या आईनं ते सगळं आयुष्य ऐकलं होतं. इंग्रजी कागद तिला कुणी नीट वाचून दाखवला नाही, किंवा दाखवला तरी गावानं मानला नाही. सासरा वारला तेव्हा तिनं दिराला एवढंच सांगितलं होतं, कागदावर तरी नाव राहू दे. दिरानं राहू दिलं. कायद्याच्या हिशेबात ती नोंद चूक होती. त्या दिराला मी कधी पाहिलं नाही, पण माझ्या मनात तो मोठा माणूस आहे.

"तिलवाच लिवा," खाला म्हणाली. "गावात वाचून दाखवा."

मी पेन्सिल खोडली आणि शाईनं 23/11/1942 लिहिलं. फेरफार धरला, नोटिसा काढल्या, चावडीवर प्रत लावली, आणि खालाच्या इच्छेप्रमाणे मोठ्यानं वाचूनही दाखवली. ते नियमात कुठे बसत नाही. कुवेतवाल्या भावाच्या डोळ्यांत पाणी आलं. धाकट्याला मात्र तारखेचा अर्थ कुणीतरी समजावला असावा. चौदाव्या दिवशी त्याची लेखी हरकत आली. नोंद नमुना 6-अ मध्ये, विवादग्रस्त म्हणून गेली.

मंडळ अधिकाऱ्यांसमोर सुनावणी झाली. थोरल्या दोघांनी लेखी दिलं की आमची हरकत नाही. साहेबांनी निकाल दिला तो असा: खातेदाराचं नाव 1944 पासून अभिलेखात आहे, सदुसष्ट वर्षांत कुणी आव्हान दिलेलं नाही, महसूल अधिकारी हक्क ठरवत नाही, नाव आहे त्याचे वारस लागतील, ज्याला मान्य नाही त्यानं दिवाणी न्यायालयात जावं. धाकटा गेला नाही. बरोबर की चूक, यावर वकिलांशी माझा अजून वाद होतो.

अलीकडे मुलानं बातमी पाठवली. तिलावावर साठ टन चांदी होती, 2,364 विटा, दक्षिण आफ्रिकेनं नाण्यांसाठी घेतलेली. 2017 मध्ये एका कंपनीनं ती अडीच किलोमीटर खोलातून वर काढली आणि मोबदल्यासाठी भांडण थेट ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयात गेलं. मे 2024 मध्ये निकाल दक्षिण आफ्रिकेच्या बाजूनं लागला. चांदीच्या फेरफाराला आमच्यापेक्षा जास्त वर्षं लागली, एवढंच मुलाला कळवलं.

खाला नोंद मंजूर झाल्यावर उतारा न्यायला आली तेव्हाचं सांगायचं राहिलं. उताऱ्याची घडी तिनं न बघताच पिशवीत टाकली. तिला दुसरंच हवं होतं. इतकी वर्षं बापाचा फातिहा, म्हणजे मयतासाठीची प्रार्थना, शबे-बरातला, सगळ्या मयतांबरोबर व्हायचा. आता स्वतःचा दिवस हवा होता. मशिदीतल्या मौलवींनी हिशेब करून जिल्काद महिना सांगितला होता, पण चौदावा की पंधरावा यावर ते अडले होते. माझ्या कपाटात जुनी पंचांगं असतात हे गावाला माहीत. 1942 चं नव्हतं. उलटं मोजलं: त्या साली दिवाळीची अवस 8 नोव्हेंबरच्या आसपास, म्हणजे 22-23 ला त्रिपुरी पौर्णिमा.

"पुनव होती, खाला. रात्री दोन म्हणजे चंद्र चांगला वर असणार."

ती थोडा वेळ हिशेब करत बसली. मग म्हणाली, "मग पानबुडीवाल्यांना बोट लांबनं दिसली आसंल," आणि छत्री उचलून उठली.