घाटातला कातळ वाचायचा कसा

सह्याद्रीत ट्रेक करणाऱ्या बहुतेकांना बेसॉल्ट शब्द माहीत असतो, साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा वगैरे पण माहीत असतं, पण समोरच्या कड्यात नेमकं काय दिसतंय विचारलं की गाडी "काळा दगड"च्या पुढे जात नाही. माझं मत विचाराल तर पुस्तक नंतर, आधी वही-पेन्सिल घ्या आणि कड्याचं चित्र काढा. फोटो नको, फोटो काढताना डोळ्यांना कामच नसतं. चित्र कितीही वाईट येऊ दे, ही रेघ इथेच का संपली हा प्रश्न काढता काढता पडतोच.

माळशेजला किंवा वरंध्याला मान वर करून बघा. उभा काळा कडा, मग झाडी धरलेला उतार, परत कडा, परत उतार. लाव्हाच्या प्रवाहाचा मधला भाग सावकाश थंड होतो म्हणून घट्ट, तो कडा बनून उभा राहतो. वरचा भाग वायूच्या बुडबुड्यांनी पोकळ झालेला, तो लवकर झिजतो, माती धरतो आणि मग तिथे झाडं येतात. त्यामुळे हिरवे पट्टे मोजून प्रवाहांचा साधारण अंदाज येतो, अगदी नेमका नाही, कारण एकाच प्रवाहात पोटथरही असतात.

आता जवळ जा. बुडबुड्यांच्या जागी पांढरं, गुलाबी, कधी हिरवट काहीतरी भरलेलं दिसेल, आपण सरसकट गारगोटी म्हणून मोकळे होतो पण त्यात बरंचसं झिओलाइट नावाचं खनिज असतं, नंतर खडकातून झिरपलेल्या गरम पाण्यातून जमलेलं. प्रवाहाच्या तळाशी कधीकधी पेन्सिलीएवढ्या उभ्या नळ्या असतात. त्या एका बाजूला वाकलेल्या असतील तर लाव्हा कुठल्या दिशेला सरकत होता याचा अंदाज बांधता येतो. (आणि हो, किल्ल्यावर हातोडी चालवू नका प्लीज.)

दोन प्रवाहांच्या मधे लाल पट्टा दिसला की सगळे लगेच "जुनी माती, म्हणजे मधे हजारो वर्षं गेली" म्हणतात. असेलही. पण काही ठिकाणी नुसता प्रवाहाचा माथा भाजून किंवा गंजून लाल झालेला असतो. म्हणून वहीत दोन रकाने करायचे, एकात "लाल, चिकणमातीसारखा, वीतभर जाड, वरून पाणी झिरपतंय" आणि दुसऱ्यात "जुनी माती?" प्रश्नचिन्हासकट. हे दोन रकाने एकमेकांत मिसळले की संपलं, मग आपल्याला जे बघायचंय तेच दिसायला लागतं.

काही कड्यांत दिसणाऱ्या दगडी खांबांचंही तसंच. खडक थंड होताना आकसतो, भेगा पडतात, आणि खांब थंड होणाऱ्या पृष्ठभागाला काटकोनात तयार होतात. अंधेरीच्या गिल्बर्ट हिलवर ते उभे आहेत. पण उभ्या भेगेत घुसून थिजलेल्या लाव्हात, म्हणजे डाइकमधे, थंडी बाजूच्या भिंतींकडून येते, त्यामुळे तिथले खांब आडवे, सरपण रचून ठेवल्यासारखे. म्हणजे खांब कसे पडलेत ते बघूनच लाव्हा पसरला होता की घुसला होता याचा पहिला तर्क करता येतो.

थोडं जमायला लागलं की मग पनवेलकडे या. घाटात जवळजवळ सपाट असलेले थर इथे पश्चिमेला, समुद्राकडे कललेले आहेत. कल सगळ्यांना मान्य आहे, क्लायनोमीटर (उताराचा कोन मोजायचं साधन) लावून कोणीही मोजावा, पण तो थर नुसते वाकल्यामुळे आला की प्रस्तरभंगांमुळे, म्हणजे थर तुटून सरकल्यामुळे, यावर भूशास्त्रज्ञ अजून भांडतायत.