तुम्ही विचारलंत म्हणून: भूत-भविष्य दाखवणारा आरसा रंगमंचावर कसा उभा करायचा?

एकांकिका स्पर्धांचा मोसम आला की हा प्रश्न येतोच. संहितेत नायिका आरशात बघते आणि तिला म्हातारपणीची ती दिसते, किंवा गाव सोडलं नसतं तर जी झाली असती ती. हे प्रोजेक्टरने करावं का?

आमचं उत्तर: नको. प्रोजेक्टरचं चित्र काचेवर उमटतं. नायिकेचं प्रतिबिंब मात्र ती काचेपुढे जितकी दूर, तितकंच काचेमागे असतं. त्यामुळे मधल्या खुर्चीवरून चित्र आणि प्रतिबिंब जुळवलं, तरी कडेच्या खुर्चीवरून ते वेगळं पडतं. आरशाऐवजी आरपार दिसणारी काच लावून तिच्यामागे जिवंत नटी उभी केली तर ही अडचणच राहत नाही. पुढे उजेड असला की काच आरसा होते, मागे असला की पलीकडची नटी दिसते. प्रतिबिंबाची जागा ठरलेली असते आणि दुसरी नटी नेमकी त्या जागी उभी असली, तर ज्याला ज्याला ती चौकटीतून दिसते त्या प्रत्येकाला दोन्ही चेहरे एकावर एकच दिसतात.

कल्पना जुनी आहे. इंग्लिश इंजिनिअर हेन्री डिर्क्सने काचेतल्या भुताची युक्ती मांडली, पण तिच्यासाठी थिएटरच नव्याने बांधावं लागलं असतं. विज्ञानाची व्याख्यानं देणाऱ्या जॉन हेन्री पेपरने ती साध्या रंगमंचावर बसेल अशी केली आणि २४ डिसेंबर १८६२ला लंडनच्या रॉयल पॉलिटेक्निकमध्ये दाखवली. आपल्याला त्याच तत्त्वाचं लहान रूप हवं आहे.

काच ६ फूट बाय ३ फूट, ५ मिलिमीटर जाड, टफन्ड (तापवून कणखर केलेली). माप पक्कं करूनच टफन करायला द्या, नंतर ती कापता किंवा भोक पाडता येत नाही. वजन साधारण २१ किलो भरेल, म्हणून लाकडी चौकटीला मागून दोन तिरके टेकू आणि त्यांवर वाळूच्या पिशव्या. पैसे वाचवायला अ‍ॅक्रिलिकची पातळ शीट घेऊ नका. ती वाकते आणि चेहरा लाटांसारखा हलतो. साधी काच समोरून पडलेल्या प्रकाशातला जेमतेम ८ टक्के परत पाठवते, म्हणून तिच्यावर चकाकणारी सन-कंट्रोल फिल्म (ऊन अडवायला खिडक्यांना लावतात ती) लावायची. निम्म्याहून कमी प्रकाश आत सोडणारी घ्या, पण अगदी गडद नको. फिल्म नायिकेच्या बाजूला लावा. काचेच्या दोन्ही पृष्ठभागांवरून उमटणारं दुहेरी प्रतिबिंब त्याने दबतं. पाण्यात शाम्पूचे चार थेंब टाकून फवारा, रबरी पट्टीने मधून कडेकडे पाणी काढा आणि प्रयोगाच्या आदल्या दिवशी हे काम काढू नका. ओल राहिली की दिव्याखाली बुडबुडे उठून दिसतात.

आता मांडणी, बहुतेक संघ इथेच चुकतात. आरसा प्रेक्षकांना सरळ समोर ठेवला तर त्यात सभागृहातले दारावरचे दिवे दिसतात, आणि नायिकेची पाठ तिच्याच प्रतिबिंबाला झाकते. आरसा ३० अंश विंगकडे, म्हणजे रंगमंचाच्या एका कडेकडे, फिरवा. प्रेक्षकांची नजर काचेवरून विंगकडे वळेल. तिथे काळा पडदा हवा. नायिका काचेपासून २ फुटांवर, पण काचेच्या मध्यापासून विंगच्या बाजूला फूटभर सरकून उभी राहील. दुसरी नटी काचेमागे तितक्याच अंतरावर, तितकीच सरकलेली. तिच्याभोवती काळ्या मखमलीची तीन बाजूंची पेटी. साधं काळं कापड प्रकाशात राखाडी दिसतं. पुढच्या रांगांतल्या टोकाच्या काही खुर्च्यांना हे दिसणार नाही, ते मान्य करा.

जागा जुळवायला नट लागत नाहीत. नायिकेच्या डोळ्यांच्या उंचीवर एक पेटता बल्ब धरा, मागे दुसरा. कुणीतरी सभागृहात या टोकापासून त्या टोकापर्यंत चालत जावं. बल्ब एकमेकांपासून सुटे होत असतील तर मागचा सरकवा. चालताना ते एकच राहिले की जागा मिळाली. शाळेच्या प्रयोगशाळेत टाचण्या घेऊन करतात तेच हे. उंचीतला फरक पायाखालच्या पाटाने भरून काढा. चौकट, पेटी आणि दोघींच्या पावलांच्या खुणा एकाच ८ बाय ४ फुटांच्या प्लायवर पक्क्या करा, म्हणजे स्पर्धेत सेट लावताना पुन्हा मोजावं लागणार नाही.

दिवे दोन, एकाच जातीचे, शक्यतो हॅलोजन. स्वस्त एलईडी मंद करताना शेवटी झटका देतो. दोन्ही दिवे चौकटीच्या एकाच कडेला, एक पुढून, एक मागून, काचेकडे पाठ करून. काचेवर थेट प्रकाश पडला की मागची पेटी उघडी पडते. डिमर, म्हणजे प्रकाश कमी-जास्त करायची बटणं, वेगवेगळे. पुढचा उतरताना मागचा चढवायचा, ७-८ सेकंदांत. भूतकाळ असेल तर पूर्ण बदला, तो घडून गेलेला आहे. भविष्य असेल तर निम्म्यावर थांबा. नायिकेचे डोळे त्या म्हाताऱ्या चेहऱ्यात शिल्लक राहतात, आणि हे होईलच असं नाही हे एकही वाक्य न बोलता पोचतं. आमच्या मते या युक्तीचं खरं मोल इथे आहे. दुसरं भविष्य दाखवायचं तर आधी मागचा दिवा उतरवून, पुढचा चढवून काचेचा पुन्हा आरसा करा आणि मागची नटी बदलेपर्यंत पुरेल एवढा संवाद लेखकाकडून मागून घ्या.

वेशभूषा उलटी हवी. नायिकेचा पदर डाव्या खांद्यावर असेल तर मागचीचा उजव्या. भांग, नथ, घड्याळ, सगळंच उलट. एक जरी विसरलं तरी प्रकाश बदलताना पदर खांद्यावरून उडी मारतो आणि प्रेक्षकांचं लक्ष तिथेच जातं.

तालमीत एक नियम पाळा: जी अंधारात आहे तिने अनुकरण करायचं. अंधारातल्या नटीला काचेतून उजेडातली स्पष्ट दिसते, उलट दिसत नाही. म्हणजे सुरुवातीला नायिका पुढाकार घेते, मागची तिचं अनुकरण करते. दिवे पालटले की पुढाकारही पालटतो. निम्म्यावर दोघींनी स्थिर राहायचं, फक्त पापण्या मिटायच्या, त्याही ठरवलेल्या शब्दावर.