एकराच्या हिशोबातलं शूटिंग

आपल्या त्र्यंबकेश्वरात जन्मलेल्या फाळक्यांना १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'मधल्या तारामतीसाठी बाई मिळेना, शेवटी अण्णा साळुंक्यांना लुगडं नेसवावं लागलं. मला बाई मिळाली होती. फक्त ऐन शूटिंगच्या दिवशी पहाटेच्या पिकअपमधून ती दिंडोरीकडे गेली होती.

पेठ तालुक्यातल्या तिच्या पाड्यावर युनिट घेऊन पोचलो तर घरी सासू एकटीच. "मुकादम आला व्हता राती. विरळणी निघाली," एवढंच म्हणाली. ऑक्टोबर छाटणीनंतर द्राक्षांच्या घडांतले जादा मणी काढायची ही विरळणी वेळेत उरकावीच लागते. मणी फुगले की घडात कात्री घालायला जागा उरत नाही. त्या हंगामात पेठ-सुरगाण्याकडची माणसं टोळ्या करून बागांवर जातात. तिथे माझ्या शेड्यूलला कोण विचारतो!

तिला बागेत गाठलं. म्हटलं, "ताई, आजचा रोज मी देतो, चला."

कात्री चालूच ठेवून ती म्हणाली, "रोजाने नाही भाऊ, एकराने घेतलंय. मी उठले तर माझ्या वाटच्या ओळी कोणी करायच्या?"

आमच्या बजेटमध्ये कलाकाराचं मानधन असतं, टोळीचं नसतं.

तोडगा मुकादमानेच काढला. "तुमची दोन पोरं लावा तिच्या जागी." साउंडवाला आणि असिस्टंट मांडवाखाली उभे राहिले. ताईने दाखवलं: घड बोटांत अलगद धरायचा, आधी आतले बारके मणी काढायचे, मग दाटी मोकळी करायची. साउंडवाल्याने एक घड असा भादरला की बागवाला ओरडतच आला. मुकादम म्हणाला, "तू तुझा माईकच धर बाबा." असिस्टंट निफाडकडचा, बागेत वाढलेला. तो टिकला.

सीनमध्ये ताईने उंबऱ्यावर बसून आश्रमशाळेतल्या मुलीशी फोनवर बोलायचं आणि रडायचं, असं मी लिहिलं होतं. "कामावर कोण बसून रडतं?" म्हणत तिने फोन खांदा आणि कानाच्या मध्ये दाबला आणि कात्री चालवत बोलत राहिली. "सेटर घातलास का?" विचारताना हात क्षणभर थांबला, पुन्हा चालू. पहिलाच टेक ओके. माझा उंबरा गेला तो बरंच झालं; सिनेमातल्या गरीब बायका तशाही फार रडतात.

संध्याकाळी मुकादमाने असिस्टंटच्या ओळी मोजल्या. अर्ध्या माणसाचं काम भरलं. उरलेल्या अर्ध्याचे पैसे मी टोळीला रोख दिले आणि हिशोबात 'ज्युनिअर आर्टिस्ट'खाली लिहिले. दुसरा रकानाच नव्हता.