अंधार रंगवताना

एका गेममधली पोरगी, मूळ कथेत तिच्या वाट्याला जेमतेम चार वाक्यं. तिच्यावरच फॅन अ‍ॅनिमेशन मालिका करायची असं आम्ही मित्रांनी ठरवलं आणि कोल्हापुरात राजारामपुरीतल्या खोलीत, ब्लेंडर या अ‍ॅनिमेशनच्या सॉफ्टवेअरवर, पहिला भाग पुरा केला. त्यातून पैसे कमवायचे नाहीत आणि मूळ निर्मात्यांचं नाव सुरुवातीलाच द्यायचं, हे आधीच पक्कं होतं.

फॅन मालिकेत पाहणाऱ्याला पात्र आधीच ठाऊक असतं, हे मोठं बळ आहे. गेममध्ये तिचा स्कार्फ पिवळाधमक. आम्ही प्रसंगागणिक त्याचा रंग उतरवत नेला. शेवटी तो भिंतीच्या राखाडीत मिसळतो. त्याबद्दल कुणी चकार शब्द काढत नाही, पण चाहत्याला ते खटकतंच.

खुनाच्या प्रसंगावरून मात्र आमचं चांगलंच वाजलं. चित्रपट दिग्दर्शक बाबूराव पेंटरांच्या गावात त्यांच्या 'सैरंध्री' या मूकपटाचा विषय निघणारच. १९२० साली त्यातला कीचकवध लोकांना इतका खरा वाटला की तो भाग कापावा लागला. मित्राला रक्त हवं होतं. मी स्टोरीबोर्डवर नुसतं बंद दार काढलं. खालच्या फटीतून उजेड, त्यात दोन पायांच्या सावल्या. मग ती फट एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत काळी होते. कॅमेरा हलत नाही. एरवी आम्ही २४ फ्रेमच्या सेकंदाला १२ चित्रं वापरतो. इथे एकच चित्र धरून ठेवलं. आवाज लक्ष्मीपुरीतल्या एका दुकानाच्या शटरचा, वेग निम्म्यावर आणलेला. माझ्या मते अख्ख्या भागातला हाच शॉट खरा उतरलाय.

सगळ्यात दमवलं ते काळ्या रंगानं. मॉनिटरवर सुरेख दिसणारा अंधार अपलोड झाल्यावर फुटला. मामेभाऊ फोन पुढं करून म्हणाला, "दादा, नुसते चौकोन दिसालेत की!" आठ बिटच्या व्हिडिओत प्रत्येक रंगाला २५६ पायऱ्या असतात, त्यातल्या गडद भागाच्या वाट्याला मोजक्याच येतात, आणि फाईल लहान करणारं कॉम्प्रेशन पहिली कात्री तिथेच लावतं. मग निव्वळ काळा वापरणंच सोडलं. भिंती गडद निळ्या केल्या, तिच्या पाठीमागून उजेडाची बारीक कड दिली आणि सगळ्यावर थोडा जाडसर ग्रेन, म्हणजे दाणेदार पोत, टाकला. ग्रेनमुळे गडद भागात दिसणारे रंगांचे पट्टे मोडतात.

आता कुठलाही शॉट पक्का करण्याआधी मामेभावाच्या त्याच फोनवर, ब्राइटनेस अर्धा करून बघतो.