किती पळते?

गाडी उभी दिसली की दोन्ही तळहात काचेला लावून आत डोकवायचं आणि स्पीडोमीटरवरचा शेवटचा आकडा वाचायचा, हा लहानपणीचा ठरलेला उद्योग. ज्या गाडीचा आकडा मोठा ती भारी, विषय संपला. बेळगावात मात्र ही मोजपट्टी फसायची. मराठा लाइट इन्फंट्रीचं केंद्र इथे 1922 पासून, त्यामुळे हिरव्या गाड्यांचं अप्रूप नव्हतं. फौजेची गाडी म्हणजे सगळ्यांत जोरात धावणारी, अशी आमची खात्री. आणि त्या तर खानापूर रस्त्यानं एकामागोमाग एक, अंतर राखून अशा जायच्या की एसटीनंही हॉर्न देऊन पुढं निघून जावं.

मामा फौजेत एमटीत, म्हणजे मोटार ट्रान्सपोर्टात, ड्रायव्हर होता. सुट्टीवर आला की मी विचारायचो, "मामा, जोंगा किती पळतंय?"

"पळतंय की. खरं कशाला पळवायचं?"

(आमच्याकडे 'खरं' म्हणजे 'पण'. पुण्याच्या पाहुण्यांचा इथे हमखास घोटाळा होतो.)

जोंगा म्हणजे फौजेची जीपसारखी गाडी; जबलपूरला बनायची, मूळ जपानी निसान पॅट्रोलवरून घेतलेली. जवळपास चार लिटरचं सहा सिलिंडरचं इंजिन. म्हणजे ताकदीची वानवा नव्हती. ताकद लावायची कुठे, हा प्रश्न होता. अशा गाडीत गिअरच्या दांड्याशेजारी आणखी एक दांडा असतो. तो 'लो'मध्ये टाकला की इंजिन तेवढंच फिरतं, चाकं मात्र हळू आणि जोरकस. चिखलातून बाहेर पडायला ते लागतंच. वेग त्याची किंमत. दुसऱ्या महायुद्धातल्या विलीज जीपच्या डॅशबोर्डवर तर पत्र्याची पाटीच ठोकलेली असे: वरच्या गिअरात ताशी 65 मैल, त्याच्या पुढं जायचं नाही. म्हणजे 105 किलोमीटर. तोच गिअर 'लो'मध्ये असेल तर 33 मैल. इंजिन 60 अश्वशक्तीचं. ही पाटी मला फार आवडते. आपल्या गाड्या शेवटचा आकडा मिरवतात, हिनं मर्यादा मिरवली.

त्यात या गाड्यांचा आकार म्हणजे चाकं लावलेली ट्रंक. वाऱ्याचा हिशेब क्रूर असतो: वेग दुप्पट करायचा तर नुसत्या वाऱ्याशी झगडायला आठपट ताकद लागते. शिवाय खोल खाचांचे टायर डांबरावर गुरगुरतात आणि तापतात, आणि जमिनीपासून उंच उचललेली गाडी वळणावर जोरात घातली की कलंडायला बघते.

खरं हे सगळं डांबरी रस्त्याचं झालं. डांबर संपलं की इंजिन, वारा, टायर सगळे मागे पडतात आणि वेग ठरवते ती ड्रायव्हरची पाठ. हे मी गमतीनं म्हणत नाही. अमेरिकी लष्कराच्या अभियंत्यांनी 1960च्या दशकात माणसं हलत्या खुर्चीवर बसवून धक्के मोजले. त्यातून निघालेला आकडा आजही गाडीचा रानातला वेग काढायला वापरतात: 6 वॅट. धक्क्यांमधून चालकाच्या अंगात सलग एवढी शक्ती मुरायला लागली की तो आपणहून पाय उचलतो, असं धरून चालायचं. 6 वॅट म्हणजे घरातला लहानसा एलईडी दिवा. गाडीत शंभर घोडे असोत, माणूस दिव्याएवढ्यावर हात टेकतो. म्हणून रानातला वेग वाढवायचा तर इंजिनापेक्षा स्प्रिंगा सुधारतात.

हे मला वाचून पटलं नाही, बसून पटलं. मामेभावानं डिस्पोजलमधली, म्हणजे फौजेनं लिलावात काढलेली, मारुती जिप्सी घेतली, उद्यमबागेतल्या मेस्त्रीकडून ती धड करून घेतली, आणि आम्ही जांबोटीकडच्या आमच्या गावी निघालो. जिप्सी हलकी, टनाच्या आतबाहेर, तिचा जीव 1.3 लिटरचा, पुढं-मागं चारीकडे स्प्रिंगांच्या जागी लोखंडी कमानपाटे. निवृत्त मामा स्टिअरिंगवर, आजी शेजारी, मी मागच्या आडव्या बाकड्यावर, मांडीवर कुंद्याचा, आमच्या बेळगावी मिठाईचा, डबा.

जांबोटीच्या अलीकडे गावाचा फाटा वळला आणि तांबडी वाट सुरू झाली. आदल्या रात्री पाऊस पडून गेलेला. पहिल्या खड्ड्यात मी बाकड्यापासून वेगळा झालो, दुसऱ्यात हूडच्या पाईपला डोकं लागलं, तिसऱ्यात डब्याचं झाकण उडालं. पाट्यांचा कर्रकर्र आवाज, वर माझं ओरडणं. आजी मात्र दांडीला धरून निवांत, बैलगाडीची सवय. मला वाटत होतं, आपण किमान साठनं चाललोय.

"मामा, जरा हळू!"

"वीसनं बी नाही रे पोरा," तो वळूनही न बघता म्हणाला. गाडी त्यानं खड्ड्याच्या कडेकडेनं, एक चाक उंचवट्यावर ठेवत काढली, जणू डोक्यावर घागर आहे.

मी मान पुढं काढून काट्याकडे बघितलं. काटा शून्यावर.

"केबल तुटलंय," मामा म्हणाला. "मेस्त्री नवीन घालतो म्हणत होता. मीच नको म्हटलो."

गावात पोचलो तेव्हा कुंद्याचा चुरा झाला होता. आजीनं तो वाटीत काढला, वर दूध घातलं आणि मामाला पहिल्यांदा दिला. तो अजून गाडीच्या दाराला धरून, कंबरेवर हात ठेवून, हप्त्याहप्त्यानं सरळ होत होता.