इंजिन तेच, मग तीन पिढ्यांत बदललं काय?

निस्सान स्कायलाइन जीटी-आरच्या आर३२, आर३३ आणि आर३४ या तिन्ही गाड्यांत आरबी२६डीईटीटी हेच इंजिन, कागदावर ताकदही २८० पीएसच (पीएस म्हणजे अश्वशक्तीचं एकक). मग नव्या पिढीसाठी जास्तीचे पैसे कशाचे? हा प्रश्न नेहमी येतो. तुम्हीही विचारलंत म्हणून सांगतो.

२८० हा आकडा आधी बाजूला ठेवा. ती जपानी कंपन्यांनी आपसांत ठरवलेली मर्यादा होती, तिच्यावरून तुलना होत नाही. इंजिन २.६ लिटरचंच का, याला मात्र कारण आहे. ग्रुप ए, म्हणजे विक्रीतल्या गाड्यांवर आधारलेल्या शर्यतींच्या नियमांत टर्बो इंजिनाची क्षमता १.७ने गुणत. २५६८ सीसीचे होतात ४३६६, म्हणजे गाडी ४५०० सीसीच्या गटात बसली. १९८९च्या आर३२ने पुढे जपानी टूरिंग कार स्पर्धेत १९९० ते १९९३ या काळात २९च्या २९ शर्यती मारल्या.

आर३२चं दुखणं ऑइल पंपात आहे. पंपाचं आतलं गिअर क्रँकशाफ्टच्या (इंजिनाच्या मुख्य फिरत्या दांड्याच्या) टोकावरच्या सपाट कडांवर बसतं आणि सुरुवातीच्या गाड्यांत या कडा आखूड आहेत. इंजिन पुन्हा पुन्हा आरपीएम लिमिटरला (कमाल फेऱ्यांच्या मर्यादेला) भिडलं की हादऱ्यांनी गिअर तडकतं, तेलाचा दाब जातो, पाठोपाठ बेअरिंग. क्रँकवर रुंद कॉलर बसवणं हा उपाय. पण त्यासाठी क्रँक बाहेर काढावा लागतो, म्हणून इंजिन खोललेलं असेल तेव्हाच हे काम उरकून घ्या. शिवाय टर्बोचं टर्बाइन चाक सिरॅमिकचं आहे. बूस्ट, म्हणजे टर्बो इंजिनात कोंबतो त्या हवेचा दाब, १ बारच्या वर चढवलं की ते चाक शाफ्टवरून निखळण्याचा धोका असतो. सिरॅमिक चाकाचं हे दुखणं आर३४च्याही साध्या मॉडेलांत आहे.

१९९५च्या आर३३ला उगाच ‘जाडी’ म्हणून हिणवतात. व्हीलबेस (पुढच्या-मागच्या चाकांमधलं अंतर) १०५ मिमीने वाढला, वजन सुमारे १०० किलोने, हे खरं. पण क्रँकच्या त्या कडा रुंद झालेल्या (शेवटच्या आर३२मध्येही आहेत), ३२४ मिमीचे ब्रेम्बो ब्रेक सगळ्याच गाड्यांना, बॅटरी मागे डिकीत. वेगात लांब वळण घेताना ती आर३२पेक्षा स्थिर वाटते. चालवायलाच घ्यायची असेल तर माझं मत हिलाच.

१९९९च्या आर३४मध्ये गेट्रागचा सहा गिअरांचा गिअरबॉक्स आला आणि व्हीलबेस ५५ मिमीने आखूड झाला. तिच्या किमतीत गाडीइतकाच अमेरिकेच्या २५ वर्षांच्या आयात नियमाचाही (अशी गाडी २५ वर्षं जुनी झाल्यावरच तिथे सहज नेता येते) हात आहे. आपल्याकडे २०१६मध्ये अधिकृतपणे आलेली आर३५ या हिशेबात धरू नका. तिचं इंजिन ३.८ लिटरचं व्ही६ आहे आणि नावात स्कायलाइन नाही.

कोणतीही घ्या, चारही टायर एकाच मापाचे, एकाच बनावटीचे आणि सारखेच झिजलेले हवेत. पुढच्या-मागच्या टायरांच्या घेरात फरक पडला की फोर-व्हील ड्राइव्हच्या संगणकाला चाक घसरल्यासारखं वाटतं, तो पुढच्या चाकांकडे ताकद पाठवत राहतो आणि ट्रान्सफर केसमधल्या (पुढच्या चाकांना ताकद देणाऱ्या पेटीतल्या) क्लचच्या चकत्या जळतात.